दुसऱ्याच्या बॅटसाठी झिजणारा खांदा

२ नोव्हेंबर २०२२. ॲडलेडच्या मैदानावर टी-२० विश्वचषकातला भारत-बांगलादेश सामना पावसामुळे थांबून पुन्हा सुरू झाला होता. गवत ओले होते आणि धावताना पाय घसरण्याची भीती होती. अशा वेळी सीमारेषेच्या कडेने हातात ब्रश घेऊन फिरणारा एक माणूस कॅमेऱ्यांनी टिपला. क्षेत्ररक्षकांच्या बुटांच्या तळाला अडकलेला चिखल तो साफ करून देत होता. भारताने तो सामना पाच धावांनी जिंकला आणि त्या ब्रशवाल्या माणसाचे छायाचित्र मोबाइलवरून देशभर फिरले.

त्यांचे नाव राघवेंद्र. संघात सगळे त्यांना ‘रघू’ म्हणतात. बूट साफ करणे हे काही त्यांचे काम नाही. ते भारतीय संघाचे थ्रोडाउन तज्ज्ञ आहेत. फलंदाजांना सरावासाठी चेंडू फेकून देणे, तेही हवा तेवढा वेळ, हव्या त्या वेगाने आणि हव्या त्या टप्प्यावर, हा त्यांचा व्यवसाय. ते मूळचे कर्नाटकच्या किनाऱ्यावरच्या कुमठ्याचे. क्रिकेटपटू व्हायचे म्हणून घर सोडून हुबळीला आले. हाताच्या दुखापतीने खेळण्याचे स्वप्न संपले, पण मैदान सुटले नाही. पुढे बंगळूरु, तिथली राष्ट्रीय क्रिकेट अकादमी आणि २०११ पासून भारतीय संघ असा त्यांचा प्रवास झाला. वेगवान गोलंदाजीसमोर भारतीय फलंदाज जे सुधारले, त्याचे मोठे श्रेय विराट कोहलीने २०२० मध्ये एका गप्पांच्या कार्यक्रमात त्यांना जाहीरपणे दिले होते. ताशी दीडशे किलोमीटरच्या पुढचा चेंडू रोज नेटमध्ये खेळल्यावर सामन्यातला चेंडू सोपा वाटतो, असा त्याच्या बोलण्याचा मथितार्थ होता.

धावफलकावर या माणसाचे नाव कधीच येत नाही. पण फलंदाजाच्या प्रत्येक फटक्यामागे दुसऱ्या कुणाचा तरी खांदा झिजलेला असतो. त्या खांद्याचे काय होते, हा आरोग्याचा प्रश्न आहे. तो भारतीय संघापुरता नाही. करकंबसारख्या गावात संध्याकाळी पोरांना चेंडू टाकत उभ्या असलेल्या क्रीडाशिक्षकाचा आणि थोरल्या भावाचाही तो प्रश्न आहे.

अमेरिकेतला भाऊबंद

अमेरिकेच्या बेसबॉलमध्ये याच जातीचा एक व्यवसाय बराच जुना आहे. त्याला ‘बुलपेन कॅचर’ म्हणतात. बेसबॉलमधला पिचर म्हणजे आपला गोलंदाज आणि कॅचर म्हणजे साधारण आपला यष्टिरक्षक. सामन्याच्या मध्यात मैदानात उतरणारे राखीव पिचर आधी एका बाजूला हात गरम करून घेतात. त्या कुंपण घातलेल्या जागेला ‘बुलपेन’ म्हणतात. तिथे उकिडवे बसून त्यांचे चेंडू झेलणारा माणूस म्हणजे बुलपेन कॅचर. एका हंगामात प्रत्येक संघ १६२ सामने खेळतो आणि हा माणूस प्रत्येक सामन्याला हजर असतो. मात्र खेळणाऱ्या २६ जणांच्या यादीत त्याचे नाव नसते. झेलण्याचे काम संपले की फलंदाजांना सरावाचे चेंडू टाकण्याचे कामही पुष्कळदा त्याच्याकडेच येते.

यातले बरेच जण खालच्या श्रेणीत कॅचर म्हणून खेळलेले आणि वरच्या श्रेणीत जागा न मिळालेले असतात. माइक बोर्झेलो हे त्यातले एक ठळक नाव. न्यूयॉर्क यांकीज संघात ते बुलपेन कॅचर होते. १९९७ मध्ये त्या संघाचा पिचर मारियानो रिव्हेरा याचा चेंडू अचानक शेवटच्या क्षणी वळू लागला. तो पुन्हा सरळ जावा म्हणून बोर्झेलो आणि रिव्हेरा यांनी बरेच दिवस खटपट केली. चेंडू काही सरळ होईना. शेवटी तेच वळण रिव्हेराचे मुख्य अस्त्र ठरले आणि पुढे त्याला ‘हॉल ऑफ फेम’मध्ये एकमताने स्थान मिळाले. असा मान मिळवणारा तो पहिलाच खेळाडू. बोर्झेलो पुढे प्रशिक्षक झाले. रोज शेकडो चेंडू जवळून पाहणाऱ्याला चेंडूतला बारीक बदल सर्वांत आधी कळतो, हे त्यांचे भांडवल होते.

आपल्याकडेही सरावाला चेंडू टाकणाऱ्यांची परंपरा आहे. १९९८ च्या चेन्नई कसोटीआधी शेन वॉर्नला तोंड देण्यासाठी सचिन तेंडुलकरने लेगस्टंपबाहेरची खेळपट्टी खरवडून घेतली आणि लक्ष्मण शिवरामकृष्णन यांना त्या खडबडीत भागात चेंडू टाकायला लावले. दुसऱ्या डावात त्याने नाबाद १५५ धावा केल्या, हे सर्वांना आठवते. सरावाला चेंडू टाकणारा मात्र थोड्यांच्याच लक्षात राहिला.

अर्ध्या सेकंदाचा हिशेब

चेंडू टाकायला यंत्र असताना माणूस कशाला, असा प्रश्न साहजिक आहे. त्याचे उत्तर डोळा आणि मेंदू यांच्या कामात आहे.

दोन्ही टोकांच्या फलंदाजीच्या रेषांमधले अंतर सुमारे १७.७ मीटर असते. ताशी १४० किलोमीटर वेगाचा चेंडू ते अंतर साधारण ०.४५ सेकंदात कापतो. डोळ्यांनी पाहिलेल्या गोष्टीवर हालचाल सुरू व्हायला माणसाला सुमारे ०.२ सेकंद लागतात. उरलेल्या वेळात पाय हलवायचा, बॅट खाली आणायची आणि दिशा ठरवायची. सगळा चेंडू पाहून मग ठरवू म्हटले, तर तोवर दांडी उडालेली असते.

मग नामवंत फलंदाजांची प्रतिक्रिया विजेसारखी चपळ असते का? ऑक्सफर्डचे मानसशास्त्रज्ञ पीटर मॅक्लॉड यांनी १९८७ मध्ये हे तपासले. टप्पा पडल्यावर चेंडू अनपेक्षितपणे वळला, तर अव्वल फलंदाजांनाही फटका बदलायला सामान्य माणसाइतकाच वेळ लागतो, असे त्यांना आढळले. म्हणजे त्यांचे चेतातंतू वेगळे नसतात. ते चेंडूचा अंदाज आधी बांधतात. मायकेल लँड आणि मॅक्लॉड यांनी २००० मध्ये फलंदाजांच्या डोळ्यांच्या हालचाली टिपल्या. फलंदाज चेंडूमागे सतत नजर फिरवत नाही. चेंडू सुटताना तो पाहतो आणि मग नजर थेट टप्प्याच्या जागी नेऊन ठेवतो. फलंदाज जितका मुरलेला, तितकी ही उडी लवकर पडते.

हा अंदाज चेंडू सुटण्याच्या आधीपासूनच बांधला जातो. गोलंदाजाचा खांदा, कोपर, मनगट आणि बोटांची ठेवण यांतून फलंदाजाला खुणा मिळत असतात. यंत्राला खांदा नाही आणि मनगटही नाही. भोकातून चेंडू बाहेर पडेपर्यंत फलंदाजाला काहीच वाचता येत नाही. यंत्रासमोर आणि खऱ्या गोलंदाजासमोर त्याच फलंदाजाच्या पायांची आणि बॅटची वेळ बदलते, असे अभ्यासांत दिसले आहे. यंत्रावर फटका घोटता येतो, पण गोलंदाज वाचायला शिकायचे तर समोर माणसाचा हात लागतो. म्हणून भारतीय संघात उजव्या हाताच्या राघवेंद्र यांच्या जोडीला श्रीलंकेचे डावखुरे नुवान सेनेविरत्ने आले. डावखुऱ्या वेगवान गोलंदाजाचा कोन उजव्या हाताने दाखवता येत नाही.

गोफणीचे शास्त्र

पण माणसाने रोज दीडशेच्या वेगाने चेंडू टाकायचे कसे? जगातले मोजके वेगवान गोलंदाजच तो वेग गाठतात आणि तेही लांब धावत येऊन. थ्रोडाउन तज्ज्ञाच्या हातात त्यासाठी ‘साइडआर्म’ नावाची वस्तू असते. दिसायला ती लांब दांड्याच्या प्लास्टिकच्या पळीसारखी. पळीच्या खोलगट तोंडात चेंडू बसवायचा आणि हात फिरवून झटका द्यायचा. परदेशात कुत्र्यासाठी चेंडू लांब फेकायला वापरतात, त्या काठीचाच हा भाऊ.

सोलापूर जिल्ह्यातल्या शेतकऱ्याला हे शास्त्र नवे नाही. ज्वारी दाण्यात आली की माळ्यावर उभे राहून पाखरे राखताना गोफण फिरवतात. नुसत्या हाताने फेकलेला खडा बांधापर्यंत जातो, तर गोफणीतला रानाच्या पार टोकाला. फिरणाऱ्या वस्तूचा टोकाचा वेग त्रिज्येवर अवलंबून असतो. खांद्यापासून बोटांपर्यंतचा हात समजा ७० सेंटिमीटर आहे आणि दांड्यामुळे ती लांबी एक मीटर झाली, तर हात त्याच गतीने फिरूनही टोकाचा वेग चाळीस टक्क्यांहून अधिक वाढतो.

मात्र ही वाढ फुकटात मिळत नाही. लांब दांड्याच्या टोकाला असलेले वजन फिरवायला आणि फिरून आल्यावर थांबवायला खांद्याला जास्त जोर लागतो.

खांद्यावर काय बेतते

खांदा हा शरीरातला सर्वांत मोकळा फिरणारा सांधा आहे. दंडाच्या हाडाचा गोल मोठा आणि त्याला सामावणारी खोबण उथळ. उखळात मुसळ बसते तशी ही रचना नाही, बशीत लिंबू ठेवावे तशी आहे. हा गोल जागेवर धरून ठेवण्याचे काम चार लहान स्नायू आणि त्यांच्या कंडरा करतात. त्यांना मिळून ‘रोटेटर कफ’ म्हणतात.

चेंडू फेकताना हात मागे जातो, पुढे झेपावतो आणि चेंडू सुटल्यावर अडवला जातो. बेसबॉलच्या पिचरवर झालेल्या मोजमापांत दंडाच्या फिरण्याचा वेग सेकंदाला सुमारे ७,००० अंश भरला आहे. मानवी शरीरातल्या सर्वांत जलद हालचालींपैकी ही एक. चेंडू गेल्यावरही हात त्याच वेगात असतो. त्याला ब्रेक लावताना खांद्याच्या मागच्या बाजूच्या छोट्या स्नायूंवर सर्वाधिक ताण येतो. प्रत्येक फेकीत कंडरांच्या तंतूंना सूक्ष्म इजा होते. विश्रांती मिळाली की ती भरून येते. पण भरून येण्याआधीच पुढची फेक झाली, तर इजेवर इजा साठत जाते. आधी खांदा जड वाटतो, मग रात्री त्या कुशीवर झोपवत नाही, पुढे हात वर नेताना कळ येते. कोपराच्या आतल्या अस्थिबंधाचेही असेच होते.

टी-२० सामन्यात गोलंदाज जास्तीत जास्त चार षटके, म्हणजे २४ चेंडू टाकतो. थ्रोडाउन देणाऱ्याने समजा आठ फलंदाजांना प्रत्येकी ५० चेंडू दिले, तर एका सत्रातच ४०० फेकी होतात. दुसऱ्या दिवशी पुन्हा तेवढ्याच. गोलंदाजाला आलटून-पालटून विश्रांती देतात. फेकणाऱ्याला मात्र सामना नसला तरी सराव असतोच.

झेलणाऱ्याचा पंजा

बुलपेन कॅचरचे दुखणे दुसऱ्या टोकाला आहे. बेसबॉलचा चेंडू सुमारे १४५ ग्रॅमचा असतो. ताशी १५० किलोमीटर वेगाने येताना त्यात साठलेली ऊर्जा म्हणजे पाच किलोची पिशवी अडीच मीटरवरून पडावी इतकी. ती सगळी पंज्याने पिऊन टाकायची आणि तेही दिवसातून अनेकदा. हातमोजा जाड असला तरी तर्जनीच्या मुळाशी आणि तळव्यावर धक्का बसतोच.

अमेरिकेत ३६ व्यावसायिक बेसबॉलपटूंच्या हातांची तपासणी केलेला एक अभ्यास २००५ मध्ये प्रसिद्ध झाला. त्यात हातमोजा घालणाऱ्या हाताची कमजोरी इतर खेळाडूंपेक्षा कॅचरमध्ये अधिक दिसली. त्यांची त्या हाताची तर्जनी दुसऱ्या हाताच्या तर्जनीपेक्षा जाड झाली होती आणि बोटांच्या रक्तप्रवाहातही फरक आढळला. ही मंडळी रुग्ण म्हणून आलेली नव्हती. ते रोज मैदानात उतरणारे खेळाडू होते. म्हणजे तक्रार सुरू होण्याच्या आधीच शरीरात बदल होऊ लागलेले असतात. त्यात तासन् तास उकिडवे बसल्याने गुडघ्याच्या वाटीमागे पडणारा दाब वेगळाच.

मोजणी कुणाची होते?

खेळाच्या वैद्यकशास्त्राने गेल्या काही दशकांत एक साधी गोष्ट पक्की केली आहे. अतिवापराच्या दुखापती टाळायच्या तर आधी फेकी मोजा. अमेरिकेच्या लिटल लीगने २००७ पासून मुलांच्या पिचिंगवर संख्येची मर्यादा घातली. ९ ते १० वर्षांच्या मुलाला दिवसाला ७५ आणि ११ ते १२ वर्षांच्या मुलाला ८५ फेकी. त्यानंतर किती दिवस विश्रांती हेही ठरलेले. क्रिकेटमध्येही लहान वयाच्या वेगवान गोलंदाजांनी किती षटके टाकावीत, याचे नियम अनेक देशांत आहेत.

पण ही सगळी मोजणी खेळाडूची. त्याला सराव देणाऱ्याच्या फेकी मोजणारी पाटी बहुतेक मैदानांवर नसते. त्याचा खांदा दुखला तरी ‘आज अजून एकाला दहा चेंडू’ म्हटले की तो उभा राहतो. एक तर हे काम त्याने प्रेमाने धरलेले असते. दुसरे म्हणजे हातच चालला नाही तर कामही राहत नाही, ही भीती असते. राघवेंद्र यांच्यासारख्यांच्या मागे फिजिओ, मालिश आणि व्यायामाची व्यवस्था तरी आहे. २०२४ मध्ये टी-२० विश्वचषक जिंकल्यावर क्रिकेट मंडळाने जाहीर केलेल्या १२५ कोटींच्या बक्षिसात अशा साहाय्यकांचाही वाटा होता. गावातल्या मैदानावर मात्र हे काहीच नसते.

करकंबच्या मैदानावर काय करता येईल?

पंढरपूर तालुक्यातल्या करकंबला किंवा आसपासच्या कुठल्याही गावाला साइडआर्म आणि फिजिओ दोन्ही परवडणार नाहीत. पण खांदा वाचवायला पैशांपेक्षा हिशेब जास्त कामाला येतो.

• अंतर कमी करा, वेग कमी करा. १७.७ मीटरवरून ताशी १४० वेगाने येणारा चेंडू फलंदाजाला जेवढा वेळ देतो, तेवढाच वेळ १० मीटरवरून ताशी ८० वेगाने टाकलेला चेंडूही देतो. फलंदाजाचा सराव होतो आणि फेकणाऱ्याच्या खांद्यावरचा भार बराच हलका होतो. मात्र इतक्या जवळून टाकताना टेनिसचा चेंडूच वापरावा आणि फेकणाऱ्याने पुढे जाळी लावावी. फटका त्याच्याकडेच येणार असतो.

• फेकी मोजा. भिंतीवर खडूने रेघा ओढा किंवा खिशात खडे ठेवा. दर पन्नास फेकींनंतर हात बदला, म्हणजे दुसऱ्या माणसाने उभे राहावे. पोरांनीच आळीपाळीने एकमेकांना चेंडू दिले, तर त्यांनाही फेकणाऱ्याचा हात वाचता येऊ लागतो. आठवड्यात एक-दोन दिवस फेक पूर्ण बंद ठेवा. आधीच्या आठवड्याच्या मानाने फेकी एकदम दुप्पट करू नका.

• हात गार असताना जोर लावू नका. पाच मिनिटे हलके धावणे, हात फिरवणे, मग जवळून हळू फेकी आणि त्यानंतर जोर. फेकताना फक्त हात वापरू नका. पाय पुढे टाकून कंबर वळली, तर जोराचा मोठा वाटा पाय आणि कमरेतून येतो.

• सायकलची जुनी ट्यूब जपून ठेवा. ती खिडकीच्या गजाला बांधा, कोपर कमरेशी टेकवा आणि हात बाहेरच्या बाजूला ताणा. सावकाश पंधरा वेळा, एक दिवसाआड. खांद्याला ब्रेक लावणारे मागचे स्नायू यानेच बळकट होतात. हे करताना दुखत असेल तर थांबा.

• यष्टीमागे उघड्या हाताने लेदरचा चेंडू झेलू नका. हातमोज्याच्या आत सुती अस्तराचा मोजा घाला. बोट सुजले की ‘चेंडू लागला, होईल बरे’ म्हणून ओढून मोकळे करण्याचा उद्योग टाळा. हाड मोडलेले असू शकते.

दुखऱ्या खांद्याला तेल चोळून किंवा दुखणे मारण्याची गोळी घेऊन तसेच फेकत राहणे ही गावोगावची सवय आहे. गोळीने दुखणे दबते, कंडरा भरून येत नाही. उलट शरीर देत असलेली सूचनाच ऐकू येईनाशी होते. दोन आठवडे फेक बंद ठेवूनही कळ राहिली, रात्री झोपमोड झाली, हात खांद्याच्या वर उचलवेना किंवा पकड सैल पडली, तर अस्थिरोगतज्ज्ञांना दाखवावे. बोटे बधिर, थंड किंवा पांढरी पडत असतील तर दोन आठवडेही थांबू नये. शाळकरी मुलांच्या हाडांची वाढ होणारी टोके अजून कोवळी असतात. मुलाने फेकताना दुखते असे सांगितले, तर त्या दिवशी फेक बंद.

भारतीय संघाच्या नेटमध्ये राघवेंद्र यांच्याबरोबर काम केलेल्यांत पश्चिम बंगालच्या एका खेड्यातून आलेले दयानंद गरानीही आहेत. त्याआधी ते पोलिसांकडे स्वयंसेवक होते. कुमठा असो की कोलाघाटजवळचे खेडे, चांगला हात कुठूनही वर येऊ शकतो, हे या दोघांनी दाखवून दिले. करकंबच्या मैदानावर आज चेंडू टाकणाऱ्यांतही असा एखादा हात असेल. तो वीस वर्षे टिकायचा असेल, तर आज संध्याकाळी पोरे जमली की पहिल्या चेंडूपासून भिंतीवर रेघा ओढायला कुणाला तरी उभे करा.